यादीत रोहा-धाटाव-नागोठणेचं नाव आलं, पण रोह्याच्या आभाळाची राखण करतं कोण?

६ मे २०२५. पहलगाम हल्ल्याला दोन आठवडे झाले होते. दुसऱ्या दिवशी देशभर मॉक ड्रिल होणार अशी बातमी आली आणि संध्याकाळपर्यंत प्रत्येक व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर एक यादी फिरायला लागली. केंद्रीय गृहमंत्रालयाची, नागरी संरक्षणाच्या २४४ ठिकाणांची. लोकांनी ती उघडली आणि आपापल्या गावाचं नाव शोधलं.

महाराष्ट्रातली १६ नावं होती. पहिल्या श्रेणीत मुंबई, उरण, तारापूर. दुसऱ्या श्रेणीत ठाणे, पुणे, नाशिक, मनमाड, सिन्नर, पिंपरी-चिंचवड, थळ-वायशेत आणि रोहा-धाटाव-नागोठणे. तिसऱ्या श्रेणीत औरंगाबाद, भुसावळ, रायगड, रत्नागिरी, सिंधुदुर्ग. यादी किती जुनी आहे ते औरंगाबाद या नावावरूनच कळत होतं, पण त्या संध्याकाळी तिकडे कुणाचं लक्ष नव्हतं.

यादीत नागपूर नव्हतं, कोल्हापूर नव्हतं. रोहा मात्र होतं. १६ पैकी ४ नावं एकट्या रायगड जिल्ह्याची होती. मुंबईकरांसाठी रोहा म्हणजे कोलाडच्या राफ्टिंगच्या अलीकडचं स्टेशन, आणि पेण म्हणजे गणपतीच्या मूर्ती. त्यामुळे पहिला प्रश्न आला, रोह्यावर कोण कशाला हल्ला करेल? आणि दुसरा लगेच त्याच्या मागे, केलाच तर आपल्याकडे ते एस-४०० आहे का?

पहिल्या प्रश्नाचं उत्तर सोपं आहे. दुसऱ्याचं उत्तर मात्र बहुतेकांना वाटतं तसं नाही.

रोहा यादीत कसं काय?

पेणहून रोह्याकडे रेल्वेने निघालात की कारण खिडकीतून दिसायला लागतं. पेण तालुक्यात डोलवीला जेएसडब्ल्यूचा पोलाद कारखाना आहे, वर्षाला १ कोटी टन क्षमतेचा. पुढे नागोठण्याला पेट्रोकेमिकल संकुल आहे, आधी आयपीसीएलचं आणि आता रिलायन्सचं. तिथली जळती फ्लेअर रात्री लांबून दिसते. रोह्याला उतरलात की शेजारी धाटाव एमआयडीसी, म्हणजे कुंडलिकेच्या खोऱ्यातले रासायनिक कारखाने. तिकडे अलिबागजवळ थळला आरसीएफचा अमोनिया आणि युरियाचा प्रकल्प.

हे सगळं सुटं सुटं नाही. बॉम्बे हायचा वायू समुद्रातून उरणला ओएनजीसीच्या प्रकल्पात येतो आणि तिथून पाइपलाइनने थळला आणि नागोठण्याला जातो. उरणला झटका बसला तर नागोठण्याच्या कच्च्या मालावरही परिणाम होऊ शकतो. उरणजवळच जेएनपीए बंदर आहे, नौदलाचा करंजाचा शस्त्रसाठा आहे आणि खाडीपलीकडे तुर्भ्याला भाभा अणुसंशोधन केंद्र आहे. म्हणून उरण पहिल्या श्रेणीत आणि रोहा दुसऱ्या. पेणचं नाव वेगळं नव्हतं, ते 'रायगड' या तिसऱ्या श्रेणीतल्या नावात आलं.

आता महत्त्वाचा घोळ. ही यादी नागरी संरक्षणाची होती. म्हणजे भोंगा, ब्लॅकआउट, प्रथमोपचार, लोकांना सुरक्षित हलवणं. यादीत नाव आहे म्हणजे गावात विमानविरोधी तोफ बसणार, असा तिचा अर्थ नव्हता. तोफा आणि क्षेपणास्त्रं हे हवाई संरक्षणाचं खातं. त्याचे मालक वेगळे आणि नियमही वेगळे.

आभाळ कुणाचं?

देशाच्या हवाई संरक्षणाची मुख्य जबाबदारी हवाई दलाची. लांब पल्ल्याचं एस-४००, लढाऊ विमानं, मोठी रडारं आणि हे सगळं एका पडद्यावर आणणारी आयएसीसीएस नावाची यंत्रणा त्यांच्याकडे आहे. समुद्रावर नौदल. माझगाव डॉकमध्ये बांधलेल्या कोलकाता आणि विशाखापट्टणम वर्गातल्या विनाशिकांवर बराक-८ क्षेपणास्त्रं असतात. अशी एखादी विनाशिका मुंबईबाहेर उभी असली की तिच्याभोवतीचं आभाळही राखलं जातं.

मग लष्कर काय करतं? लष्कराचं स्वतःचं हवाई संरक्षण दल आहे, आर्मी एअर डिफेन्स कोअर. मे २०२५ मध्ये सीमेवर रात्री आकाशात लाल ठिपक्यांच्या रांगा सोडणाऱ्या तोफांचे जे व्हिडिओ पाहिले गेले, ते बरंचसं काम या दलाचं.

पूर्वी हे दल तोफखान्याचाच भाग होतं. त्यांचं प्रशिक्षण नाशिकजवळ देवळालीच्या तोफखाना विद्यालयात चालायचं. १९८९ मध्ये ते ओडिशात गोपाळपूरला गेलं, कारण विमानविरोधी तोफा आणि क्षेपणास्त्रं डागायला समोर मोकळा समुद्र हवा. १० जानेवारी १९९४ ला हे दल तोफखान्यातून वेगळं झालं. ब्रीदवाक्य आहे 'आकाशे शत्रून् जहि', म्हणजे शत्रूला आकाशातच मार. दिल्लीत लेफ्टनंट जनरल दर्जाचा महासंचालक. खाली ब्रिगेड, ब्रिगेडमध्ये रेजिमेंट, रेजिमेंटमध्ये बॅटऱ्या. काही रेजिमेंट तोफांच्या, काही क्षेपणास्त्रांच्या.

या दलाचं पहिलं काम असतं लष्कराच्या स्वतःच्या फौजेला हवाई हल्ल्यापासून वाचवणं. रणगाडे पुढे निघाले की त्यांच्यासोबत चालणं, पूल आणि दारूगोळ्याचे साठे राखणं. दुसरं काम नेमून दिलेल्या ठिकाणांचं रक्षण. लष्करी भाषेत त्यांना व्हल्नरेबल एरिया आणि व्हल्नरेबल पॉइंट म्हणतात. हवाई तळ, रडार केंद्रं, महत्त्वाचे कारखाने अशा गोष्टी त्यात येतात. कुठल्या ठिकाणी काय ठेवलंय हे गोपनीय असतं, आणि ते तसंच असायला हवं.

थोडक्यात, हवाई संरक्षण ठिकाणाठिकाणाने असतं. छत्री उघडावी तसं ते अख्ख्या देशावर नसतं. अमेरिकेकडेही तशी छत्री नाही. इस्रायलचं आयर्न डोम लोकांना आठवतं, पण त्या देशाचं क्षेत्रफळ २२ हजार चौरस किलोमीटरच्या आसपास आहे. एकट्या महाराष्ट्राचं ३ लाखांच्या वर.

साठ वर्षांची तोफ अजून कामाला

१२ मे २०२५ च्या पत्रकार परिषदेत लष्कराचे डीजीएमओ लेफ्टनंट जनरल राजीव घई यांनी क्रिकेटचं उदाहरण दिलं होतं. ऑस्ट्रेलियाच्या थॉमसन-लिली जोडीचं. एकाच्या तावडीतून सुटलात तर दुसरा गाठणार. हवाई संरक्षणाचे थर असेच असतात.

सगळ्यात बाहेरचा थर एस-४००. रशियासोबत ऑक्टोबर २०१८ मध्ये साधारण ५४३ कोटी डॉलरचा करार झाला. पाचपैकी तीन स्क्वाड्रन मे २०२५ पर्यंत आल्या होत्या. पल्ला ४०० किलोमीटरपर्यंत. पण हे हवाई दलाचं. त्याच्या आत इस्रायलसोबत बनवलेलं एमआरसॅम, पल्ला ७० किलोमीटर. हे तिन्ही दलांकडे आहे. त्याच्या आत आकाश.

आकाशची गोष्ट जरा लांबलेली. १९८३ च्या क्षेपणास्त्र कार्यक्रमात सुरुवात झाली आणि लष्कराला ते मे २०१५ मध्ये मिळालं. बत्तीस वर्षं! तेव्हा त्याची खिल्ली उडवणारे कमी नव्हते. पल्ला साधारण २५ किलोमीटर आणि एका लाँचरवर तीन क्षेपणास्त्रं. मार्च २०२३ मध्ये लष्कराने सुधारित आकाशच्या आणखी दोन रेजिमेंटसाठी ८,१६० कोटींचा करार केला. ऑपरेशन सिंदूरनंतर सरकारने ज्या यंत्रणांची नावं घेऊन कौतुक केलं, त्यात आकाश होतं.

आणि मग सगळ्यात आतला थर. खरी गंमत इथे आहे.

एल-७० ही ४० मिलिमीटरची तोफ स्वीडनच्या बोफोर्सची. बोफोर्स म्हटलं की १९८७ चा घोटाळा आठवतो, पण ती १५५ मिलिमीटरची तोफ वेगळी. एल-७० भारतात १९६० च्या दशकात आली. मिनिटाला ३०० च्या आसपास गोळे आणि मारा साडेतीन-चार किलोमीटरपर्यंत. सोबत रशियन बनावटीची दोन नळ्यांची झू-२३ आणि चार नळ्यांची, रणगाड्यासारख्या गाडीवर बसवलेली शिल्का. तुंगुस्का गाडीवर तोफा आणि क्षेपणास्त्रं दोन्ही. जवानाच्या खांद्यावरून सुटणारं इग्ला. ओसा आणि स्ट्रेला ही जुनी सोव्हिएत क्षेपणास्त्रं.

ही यादी वाचून संग्रहालयात आल्यासारखं वाटतं. संसदेत आणि टीव्हीवर वर्षानुवर्षं टीका व्हायची की लष्कराच्या विमानविरोधी तोफा भंगारात काढायच्या लायकीच्या आहेत. टीकेत तथ्यही होतं. वेगाने जाणाऱ्या लढाऊ विमानासमोर जुन्या नजरेची एल-७० कमीच पडते.

पण मे २०२५ मध्ये विमानं सीमा ओलांडून आली नाहीत, ड्रोन आले. ८ आणि ९ मेच्या मधल्या रात्री ३६ ठिकाणी ३०० ते ४०० ड्रोन आल्याचं लष्कराने सांगितलं. त्यातले बरेच स्वस्त होते आणि आपली रडारं कुठे आहेत ते शोधायला सोडलेले होते. अशा प्रत्येक ड्रोनवर कोट्यवधींचं क्षेपणास्त्र सोडायचं म्हणजे साठा संपणार, आणि शत्रूला तेच हवं असतं. तिथे तोफेचा गोळा स्वस्त पडतो. मधल्या काळात भारत इलेक्ट्रॉनिक्सने एल-७० आणि शिल्काला नवे कॅमेरे, थर्मल नजर आणि संगणक बसवले होते. म्हातारी तोफ नवा चष्मा लावून उभी राहिली. (ही कंपनी रायगडकरांना अनोळखी नाही, तिचं एक युनिट तळोजा एमआयडीसीत आहे.)

याच कंपनीचं आकाशतीर. मार्च २०२३ चा १,९८२ कोटींचा करार. पूर्वी एका रडारने पाहिलेलं दुसऱ्या तोफेपर्यंत रेडिओवर सांगून पोचायचं. आकाशतीरमुळे लष्कराची रडारं आणि तोफा एकाच चित्रावर आल्या आणि ते चित्र हवाई दलाच्या यंत्रणेला जोडलं गेलं. फोटोत एस-४०० भारी दिसतं. १३ मेला आदमपूरला पंतप्रधानांच्या मागे ते उभं होतं, तो फोटो सगळ्यांनी शेअर केला. आकाशतीरचा फोटो कुणी शेअर करत नाही, कारण तिथे दिसतात फक्त पडदे आणि पेट्या.

हे चित्र एक असणं किती गरजेचं आहे, त्याची किंमत देशाने मोजलेली आहे. २७ फेब्रुवारी २०१९ ला बालाकोटच्या दुसऱ्या दिवशी बडगामला आपल्याच क्षेपणास्त्राने आपलंच एमआय-१७ हेलिकॉप्टर पाडलं. हवाई दलाचे सहा जण आणि जमिनीवरचा एक नागरिक गेला. आता हे रायगडला लावून बघा. मुंबई विमानतळावर उतरणारी विमानं आहेत आणि ८ ऑक्टोबर २०२५ ला उद्घाटन झालेला नवी मुंबई विमानतळ तर याच जिल्ह्यात, पनवेल तालुक्यात आहे. या आभाळात कुणाला तरी 'फायर' म्हणण्याआधी समोरचं विमान कुणाचं आहे ते शंभर टक्के माहीत असावं लागतं.

समजा, समुद्राकडून काही आलं

भीतीला थोडं गणित लावू. कराची ते मुंबई सरळ रेषेत ९०० किलोमीटरच्या आसपास. पंजाब-जम्मूत आलेले ड्रोन प्राथमिक तपासात तुर्की बनावटीचे सोंगार असल्याचं लष्कराने म्हटलं होतं. सोंगारचा पल्ला काही किलोमीटर. तो रोह्यापर्यंत पोचूच शकत नाही. मेमध्ये 'मुंबईवर ड्रोन' म्हणून फिरलेल्या क्लिप बघताना एवढं लक्षात असतं तरी अर्धे फॉरवर्ड वाचले असते. काही क्लिप तर चक्क व्हिडिओ गेममधल्या निघाल्या.

पण लांब पल्ल्याचे ड्रोन जगात आहेत. युक्रेन रशियाच्या आत हजार किलोमीटरवरच्या तेलशुद्धीकरण कारखान्यांवर ड्रोन मारतो. नेविन्नोमिस्कच्या अझोत या खत-रसायन कारखान्यावर २०२५ मध्ये असे हल्ले झाले. म्हणजे आपल्या थळ-धाटावसारखंच लक्ष्य.

असा ड्रोन समुद्रावरून खालून उडत आला तर दिसेल कधी? पृथ्वी गोल असल्यामुळे रडारलाही क्षितिज असतं. जमिनीपासून १० मीटर उंचीवरच्या रडारला ५० मीटर उंचीवरून येणारी वस्तू साधारण ४० किलोमीटरच्या आत आल्यावरच दिसते. ताशी १८० किलोमीटरने येणारा ड्रोन ते अंतर तेरा-चौदा मिनिटांत कापतो. ताशी ९०० किलोमीटरचं क्रूझ क्षेपणास्त्र तीन मिनिटांच्या आत. म्हणून उंचावरून बघणारी टेहळणी विमानं आणि पुढे समुद्रात उभी असलेली जहाजं इतकी महत्त्वाची ठरतात. १९९३ मध्ये याच जिल्ह्यातल्या शेखाडीला आरडीएक्स उतरलं होतं. खालून आणि गुपचूप येणारा धोका रायगडला नवा नाही.

आता त्या दुसऱ्या प्रश्नाकडे. मग धाटावला एक तोफ ठेवा की! ऐकायला बरोबर वाटतं. १४ सप्टेंबर २०१९ ला सौदी अरेबियाच्या अबकैक तेल प्रकल्पावर ड्रोन आणि क्रूझ क्षेपणास्त्रांनी हल्ला झाला. सौदीकडे अमेरिकेची पॅट्रियट यंत्रणा होती, पैशांची कमी नव्हती. तरी देशाचं निम्मं तेल उत्पादन काही काळासाठी थांबलं.

आणि पाडलेला ड्रोन हवेत विरघळत नाही. ९ मे २०२५ ला फिरोजपूर जिल्ह्यात ड्रोनमुळे एका घरातले तिघं भाजले, त्यातल्या एका महिलेचा नंतर मृत्यू झाला. ते शेताच्या बाजूचं घर होतं. अमोनियाच्या टाकीवर किंवा सॉल्व्हंटच्या गोदामावर जळते तुकडे पडणं ही वेगळीच गोष्ट झाली. चार किलोमीटर पल्ल्याची तोफ कारखान्याच्या कुंपणाशी असेल तर पाडापाडीही कारखान्याच्या डोक्यावरच होणार. रासायनिक पट्ट्यासाठी खरा बचाव लांब, समुद्रावर व्हायला हवा. तोफ हा शेवटचा उपाय, आणि अशा जागी तो महागात पडू शकतो.

१५ ऑगस्ट २०२५ ला पंतप्रधानांनी 'मिशन सुदर्शन चक्र' जाहीर केलं. २०३५ पर्यंत देशातल्या महत्त्वाच्या लष्करी आणि नागरी ठिकाणांना सुरक्षा कवच, त्यात रुग्णालयं, रेल्वे, श्रद्धास्थानं. २३ ऑगस्टला ओडिशाच्या किनाऱ्यावर त्याच दिशेची एक बहुस्तरीय यंत्रणा तपासण्यात आली. औद्योगिक पट्ट्यांचा क्रमांक त्यात कितवा लागतो, यावर रोहा-नागोठण्याचं पुढचं बरंच काही ठरेल. दहा वर्षांचा कार्यक्रम आहे. तोपर्यंत गावाच्या हातात जे आहे ते म्हणजे भोंगा.

भोंगा, पण कुठला?

या पट्ट्यात भोंग्याला दोन अर्थ आहेत, आणि दोन्हींची कृती वेगळी.

हवाई हल्ल्याचा भोंगा म्हणजे घरात जा, खिडकीच्या काचेपासून लांब राहा, दिवे बंद करा. जीपीएसवर चालणाऱ्या ड्रोनला अंधाराने फारसा फरक पडत नाही हे खरं, पण कॅमेऱ्यावर चालणाऱ्याला पडतो. नागोठण्याची फ्लेअर काही स्विच दाबून विझवता येत नाही. त्यामुळे ब्लॅकआउटचा आदेश घरांना जितका सोपा, तितका अशा प्रकल्पांना नाही.

वायुगळतीचा भोंगा म्हणजे वारा कुठून येतोय ते आधी बघा. वाऱ्याच्या दिशेने पळू नका, आडवे निघा. निघता येत नसेल तर दारं-खिडक्या बंद, फटींना ओले कपडे, नाकावर ओला रुमाल.

हल्ल्याने टाकी फुटली तर दोन्ही एकदमच. बाहेर पडायचं की आत थांबायचं? हे उत्तर त्या क्षणी सुचत नाही, आधी ठरलेलं लागतं. त्यासाठी कायदाही आहे. घातक रसायनांच्या १९८९ च्या नियमांप्रमाणे मोठा धोका असलेल्या कारखान्याने आतल्या आपत्तीचा आराखडा करायचा आणि कुंपणाबाहेरचा आराखडा जिल्हा प्रशासनाने. १९९६ च्या नियमांनी जिल्हा आणि स्थानिक पातळीवर संकटगट आले. पण हे नियम भोपाळनंतरचे, अपघात डोळ्यांसमोर ठेवून केलेले. १९६८ चा नागरी संरक्षण कायदा वेगळा, युद्ध डोळ्यांसमोर ठेवून केलेला. दोन फायली, दोन खाती. ७ मे २०२५ च्या ड्रिलच्या गृहमंत्रालयाच्या सूचनांत भोंगे, ब्लॅकआउट, महत्त्वाचे प्रकल्प झाकणं, लोकांना हलवण्याची तालीम हे सगळं होतं. पुढच्या तालमीत वायुगळतीही त्याच दिवशी, त्याच भोंग्यासोबत घेतली तर रोह्याला ती जास्त उपयोगाची.

हवाई हल्ल्याच्या भोंग्याचा आवाज वर-खाली होतो. सलग एकाच सुरात वाजला की धोका टळला. तुमच्या शेजारच्या कारखान्याच्या भोंग्याचा सूर कुठला, कितीदा वाजला की काय समजायचं, हे कारखान्याच्या गेटवर किंवा तहसील कार्यालयात विचारता येतं. १९८९ च्या त्याच नियमांत लिहिलंय की आसपास राहणाऱ्यांना धोका काय आहे आणि काय करायचं हे सांगणं कारखान्याला बंधनकारक आहे.